जोडीतली मोठी ती मादीच

कुणी कुणी म्हणतं की क्लाउनफिश या छोट्या समुद्री माशाच्या जोडीतला मोठा, दांडगा मासा नर असतो. उलटं आहे. मोठी ती मादी. हे मासे समुद्रफुलात (सी ॲनिमोन, फुलासारखा दिसणारा, डंख मारणारा समुद्री प्राणी) आसऱ्याला राहतात. एका समुद्रफुलात एक मादी, तिच्याहून लहान एक नर आणि बाकी पिल्लं, अशी उतरंड असते. मादी मेली की तोच नर हळूहळू मादी होतो आणि पिल्लांतलं सगळ्यात मोठं नराच्या जागी येतं. मादीचा परत नर मात्र होत नाही. अंडी राखायचं, त्यांना पंखांनी वारा घालायचं काम बहुतेक नराकडेच.

टिळकवाडीत माझ्या मावसभावाच्या टाकीत हे डोळ्यांनी बघितलंय. दुकानदाराने 'नर-मादी' म्हणून दोन सारखीच पिल्लं गळ्यात मारलेली. वर्षभरात एक दुसऱ्याच्या दीडपट झालं, आणि धाकटं तिच्यापुढे आडवं होऊन थरथरायला लागलं! ती शरणागती असते, आजार नव्हे. भाऊ मात्र औषध आणायला निघाला होता.

बाकी समुद्रफूल नसलं तरी टाकीत ते जगतात. मोकळ्या समुद्रात, अंदमानच्या उथळ प्रवाळात वगैरे, त्याच्याशिवाय त्यांचं काही खरं नाही.