मदत हवी आहे: स्वयंपाकघरात मधमाश्यांचं पोळं

चिंचवडकर:
रात्री ट्यूबलाइट लावली की दहा-पंधरा माश्या येऊन आपटतात. हिट मारलं, थोड्या मेल्या, दुसऱ्या दिवशी तेच. आज रॉकेल फवारू का? लवकर सांगा.

मोहोळमित्र:
रॉकेल नको, शेजारी गॅस आहे. पोळं उघड्यावर लोंबतंय की कशाच्या आत? माशी केवढी? ये-जा कुठून?

गोडबोल्या:
आग्या असणार. कडुलिंबाचा ओला पाला पेटवा, अर्ध्या तासात उठेल.

मोहोळमित्र:
घरात आग्या उठवायचा? आग्या बंद पोकळीत बसतच नाही. त्याचं एकच मोठं पोळं, तेही उघड्यावर: गॅलरीच्या छताखाली, पाण्याच्या टाकीखाली.

चिंचवडकर:
पोळं दिसत नाही हो. किचन चिमणीचं जुनं भोक प्लायवूडने बंद केलंय, त्याच्या मागे गुणगुण येते. माशी लहान, पट्टेवाली. बाहेरून ये-जा. दिवाळीपासून आहे. बाहेरचं भोक सिमेंटने बुजवू?

मोहोळमित्र:
मग सातेरी, बंद पोकळीत बसणारी, पेटीत पाळता येणारी लहान मधमाशी. बाहेरचं भोक अजिबात बुजवू नका, सगळ्या माश्या घरात उतरतील. प्लायवूडच्या कडेची फट आजच ब्राउन टेपने बंद करा. रात्री फटीतून उजेड दिसतो म्हणून त्या आत येतात.
औषधाने मारल्या तर पोळं आतच राहतं. राखायला माश्या नसल्या की मध गळतो, मुंग्या आणि मेणकिडे येतात, अळ्या सडून वास सुटतो. म्हणून पोळं काढायलाच हवं, आणि ते सातेरी पाळणाऱ्याकडूनच. संध्याकाळी धुराचे दोन-तीन झोत, मग एकेक पोळं कापायचं. पिलाव्याची, म्हणजे अंडी-अळ्यांची, पोळी मधपेटीच्या चौकटींना केळीच्या सोपाने (सालीच्या दोरीने) बांधून पेटीत. मधाची वेगळी काढायची; जड असतात, तुटून पडली तर माश्या चिकटून मरतात. राणी पेटीत गेली की बाकीच्या मागोमाग येतात.

अनुराधा_क:
चावली तर लोखंड घासा. आमच्याकडे चुनाही लावतात.

शेतकरीण:
आधी काटा नखाने खरवडून काढा, लगेच. विषाची पिशवी काट्याबरोबर राहते आणि पिळत राहते. मग साबणाने धुवा, बर्फ लावा. श्वास लागला, ओठ सुजले, चक्कर आली तर थेट दवाखाना. तिथे अॅड्रेनॅलिन लागतं, चुना नाही.

गोडबोल्या:
मध किती निघेल?

मोहोळमित्र:
हिट मारलंय, तो मध खायचा नाही.

शेतकरीण:
पेटी अंधार पडेपर्यंत त्याच भोकापाशी ठेवायला सांगा, बाहेर गेलेल्या माश्या परततात. दारावर क्वीन गेट (राणीला बाहेर पडू न देणारी जाळी) तीन-चार दिवस, नाहीतर सातेरी पेटी सोडून जाते.

मोहोळमित्र:
चार दिवस जास्त होतात, परागाची ये-जा अडते. दोन पुरे.

शेतकरीण:
दोन दिवसांत राणी निघून गेली तर? पिलावा कमी असेल तर चारच.

मोहोळमित्र:
बरं, पिलावा पाहून ठरवा. पेटी रात्री हलवा, दोन किलोमीटरच्या पलीकडे. मागचं मेण खरवडून साबणाने धुवा, मगच भोक बुजवा. मेणाच्या वासाने पुढचा थवा तिथेच येतो.

चिंचवडकर:
प्लायवूड काढावं लागेल? मी भाडेकरू आहे, मालक खिळाही ठोकू देत नाही.

मोहोळमित्र:
हे पहिल्याच ओळीत हवं होतं. टेप लावा आणि मालकाला फोन करा. पुण्यातल्या केंद्रीय मधमाशी संशोधन व प्रशिक्षण संस्थेत सातेरी काढणाऱ्याची चौकशी करा.

चिंचवडकर:
टेप लावली. सेलोटेप चालेल ना?