चाकणला गावची चौदा पोरं, होसूरला एक दोस्त. भाच्याला कुठं पाठवायचं?

पाटगावचा पाऊस

घरात आठ दिवस नुसता कालवा चाललाय म्हणून इथं टाकतोय. भाचा मेकॅनिकल डिप्लोमा झाला, दोन ठिकाणचं बोलावणं आलंय. चाकणला हातात १९ हजार, होसूरला म्हणजे बेंगळुरूच्या पलीकडं तामिळनाडूत २६ हजार. काम एकच, सीएनसीवर, म्हणजे कॉम्प्युटरवर चालणाऱ्या मशीनवर. चाकणला आमच्या गावची चौदा पोरं तीन खोल्यांत राहत्यात, होसूरला भाच्याच्या वर्गातला एक दोस्त, बास. बहीण म्हणत्या चाकण, दाजी म्हणत्यात चाकण, शेजारची आक्का पण चाकणच म्हणत्या, तिला चाकण पुण्याच्या अलीकडं का पलीकडं ते ठाऊक न्हाई पण तिचा नातू तिथं हाय. महिन्याला ७ म्हणजे वर्षाला ८४ हजार पाण्यात घालायचे का?

मी पण आधी होसूरच म्हणत होतो. आता मत फिरलंय, शिव्या घालायच्या तर घाला. माणूस पगाराकडं जातो हे अर्धंच खरं, तो आपल्या माणसांकडं जातो, आणि नुसती माणसं असून पण भागत न्हाई, ती एकमेकांना धरून असाय लागत्यात. रवांडा देशात ब्लुमेनस्टॉक, ची आणि टॅन या तिघांनी मोबाईल कॉलच्या नोंदी घेऊन हेच तपासलं, कोण कुणाला फोन करतो आणि पुढं कुठल्या भागात राहायला जातो. जुना वाद असा की परमुलखात ओळख कशाला उपयोगी पडते, बातमी कळायला का अडीनडीला. बातमीसाठी असंल तर ओळखी जेवढ्या चौफेर तेवढं चांगलं. अडीनडीसाठी असंल तर त्या ओळखीच्या माणसांची आपसात ओळख पायजे. त्यांना दिसलं ते असं की साधारण माणूस दुसऱ्या प्रकाराकडं ओढला जातो, नुसत्या चौफेर ओळखीनं फारसं कुणी हलत न्हाई.

आता चाकणची खोली बघा. मागल्या पावसाळ्यात तिथल्या एका पोराची दोन बोटं मशीनमध्ये गेली. दवाखान्यात रात्री कोण थांबणार, डबा कोण नेणार, ठेकेदाराकडं कोण जाणार, याची पाळी दाराच्या आतल्या बाजूला खडूनं लिहिलेली मी सोता बघितल्या. एकानं पण चुकवली न्हाई. पोरं काय संत न्हाईत, पण चौदाच्या चौदा जणांच्या घरची एकमेकांस्नी ओळखत्यात, पाळी चुकवली की दिवे लागायच्या आत गावात आईला कळतंय. होसूरच्या त्या एका दोस्तानं फोन उचलला न्हाई तर आपण कुणाला सांगणार?

सरळसोट

दादा, चाकणला जायला तुम्ही रवांडावरनं फिरून आलासा 😄

मला एवढंच सांगा, त्या चौदातला पहिला कुणाच्या ओळखीनं गेला? तिथं कोण त्याची आत्या बसली होती? कारखाने आले, पोट भरंना, गेला. काम हाय म्हणून माणसं जमली, माणसं जमली म्हणून काम आलं न्हाई. ओळख म्हणजे फारतर पाट, पाणी धरणातलं. तुम्ही पाटाची पूजा करायला लागलाय. तीन वर्षांत अडीच लाखाचा फरक पडतोय, तेवढ्यात बहिणीच्या घराचा स्लॅब पडंल.

विटेकर पाव्हणा

पहिला दुष्काळानं गेला, दुसरा पहिल्यामुळं गेला, हिशोब एवढाच हाय की भावा.

आमच्याकडचं गलाईचं बघा. खानापूर, आटपाडी, तासगाव, सगळा टँकरचा मुलूख, आणि तिथली माणसं सोनं-चांदी गाळायला पार केरळपासून पंजाबपर्यंत जाऊन बसल्यात. पगार बघून गेली असती तर सगळी एका मोठ्या शहरात जमली असती का न्हाई? तसं झालं न्हाई. माझा साडू सोळाव्या वर्षी तिकडं दक्षिणेत गेला, सेठच्या दुकानात भट्टी फुंकायला, राहणं-जेवण सेठकडं. सेठ म्हणजे त्याच्या आईचा चुलतभाऊ. हात बसल्यावर सेठनंच त्याला दुसऱ्या गावात दुकान बघून दिलं, मुद्दाम दुसऱ्या, म्हणजे एकमेकांच्या गिऱ्हाइकावर पाय नको. आता साडूच्या भट्टीवर माझा पुतण्या हाय. आणि सराफ आपलं सोनं कुठल्या अनोळखी पोराच्या हातात देतोय? ज्याचा मामा शेजारच्या पेठेत वीस वर्षं बसलाय त्याच्याच. तुम्ही पाट म्हणताय ते भांडवल हाय, बँकेत न्हाई मिळत ते.

शिरोली फौंड्रीवाला

मी दुसऱ्या टोकाकडनं सांगतो, म्हणजे जिथं माणसं येतात तिथनं. आमच्या शेडमध्ये मोल्डिंग आणि फेटलिंगला, म्हणजे वाळूचे साचे करायला आणि ओतीव माल घासायला, अकरा पोरं बिहारची, त्यातली नऊ एका गावची. जाहिरात कधी दिली न्हाई. माणूस कमी पडला की त्यातल्या मोठ्याला सांगायचं, तो रात्री फोन लावतो आणि चौथ्या दिवशी पोरगं पिशवी घेऊन तावडे हॉटेलच्या स्टॉपला उतरतंय. ट्रेनिंग पण तेच देतात, मला वाळू किती ओली पायजे हे हिंदीत सांगता येत न्हाई.

पण गेल्या वर्षी एकाला मी सगळ्यांसमोर तोंडाला येईल ते बोललो, चूक माझीच होती, दुसऱ्या दिवशी नऊच्या नऊ जण गायब. भट्टी पेटलेली आणि शेडमध्ये मी, दोन पोरं आणि एक वॉचमन. संध्याकाळी त्यांच्या खोलीवर जाऊन माफी मागितली तेव्हा आली. त्यामुळं ओळखीची ताकद काय असती ते मला पुस्तकात वाचाय नको. फक्त गंमत अशी की त्यांचा पगार ठरवताना पण मी त्या मोठ्याशीच बोलतो, आणि त्याला वरचे पाचशे प्रत्येकामागं मिळतात हे बाकीच्यांना माहीत हाय का ते मला माहीत न्हाई.

बिंदू चौक

शेवटची ओळ हळूच टाकली बघा काकांनी.

सरळसोट

तेच तर म्हणतोय! आपला माणूस म्हणजे आपला मुकादम पण असतो. आपल्या उसाच्या फडात बीडकडनं टोळ्या येतात त्या कशावर येतात? मुकादमाच्या उचलीवर, म्हणजे आगाऊ दिलेल्या पैशावर. तो बहुतेक त्यांच्याच भागातला, कधी भावकीतला. नवरा-बायको मिळून एक कोयता, आणि उचल फिटंस्तोवर कोयता हलायचा न्हाई. ह्याला पण आधारच म्हणायचं का?

चंदगडी

मी वयाने मोठा आहे, थोडं लांबण लागेल.

माझे आजोबा १९४० च्या सुमारास परळला गिरणीत लागले. आमच्या गावाची तिथे एक खोली होती, कुणा एकाची नव्हे, गावाची. वर्गणी दिली की राहायचा हक्क. दहा बाय बाराच्या खोलीत पंचवीस-तीस माणसं कशी मावत असतील असं मी एकदा विचारलं, तर म्हणाले, मावत नव्हतीच, पाळीनं झोपायची. पहिल्या पाळीचा उठला की रात्रपाळीचा त्याच गोधडीत. प्रत्येकाची पत्र्याची ट्रंक, तीच त्याची जागा. नवीन पोराला जॉबरकडे नेऊन उभं करायचं कामही खोलीतला जाणताच करायचा, कारण कामावर घेणं न घेणं त्या काळी जॉबरच्या हातात असे. मनीऑर्डर चुकली तर खोलीत विचारणा व्हायची.

१८ जानेवारी १९८२ ला संप सुरू झाला, अडीच लाखांच्या आसपास कामगार बाहेर. वडील तेव्हा गिरणीत होते. सगळे म्हणतात संप इतका लांबला कसा, अहो गावांनी तो ओढला. माणसं परत आली, नाचणी-भात खाऊन दिवस काढले, खोलीचं भाडं गावातून गेलं. एकट्याने गेलेला माणूस दोन महिने टिकला नसता. त्यामुळे सरळसोट, तुमचा पाट पाणी आटल्यावरही जमीन ओली ठेवतो, एवढं मान्य करा.

सरळसोट

काका, मान ठेवून बोलतो. गाव एकाच धंद्यात होतं म्हणूनच गाव एकदम बुडालं ना? एक भाऊ गिरणीत, एक रेल्वेत, एक नाशकात असता तर संपात दोन चुली तरी पेटत्या राहिल्या असत्या. खोलीनं नोकरी दिली पण एकच दिली.

आणि संशोधनच पायजे तर आपल्या दादरचं घ्या. मुन्शी आणि रोझेन्झ्वाइग यांचा २००६ चा अभ्यास हाय. नव्वदीनंतर इंग्रजीवाल्यांचे पगार वाढले, तरी कामगार जातीतल्या घरांनी पोरगे मराठी शाळेतच घातले, कारण जातभाईंच्या ओळखीनं बापाच्या लाइनीत चिकटायची सोय होती. पोरींना तसली सोय कधीच नव्हती, कुणी त्यांना ओळखीनं कुठं चिकटवत नव्हतं, म्हणून त्या इंग्रजी शाळेत गेल्या आणि पुढं निघाल्या. म्हणजे ज्याला मामा न्हाई ती पुढं गेली! ह्याच दोघांनी पुढं २०१६ ला मांडलं की शहरात पगार बरा असून आपल्याकडची माणसं गाव सोडत न्हाईत कारण अडीनडीला जात-भावकी उभी राहते, गाव सोडलं की तो आधार सुटायची भीती. आता बोला, ओळख माणसाला हलवते का खुट्ट्याला बांधते?

पाटगावचा पाऊस

दोन्ही करते की. गावातली ओळख धरून ठेवते आणि चाकणातली ओढते, म्हणून तर माणूस जिथं अख्खी खोली गेल्या तिथंच जातो, म्हणजे गाव न सोडता गाव सोडता येतं. तुमचाच दाखला माझ्या बाजूला पडतोय राव.

गारगोटीची लेक

सकाळपासून वाचतेय, सगळे गडीमाणसांचंच चाललंय. २०११ च्या जनगणनेत मूळ जागा सोडलेली ४५ कोटींच्या वर माणसं निघाली आणि त्यात सगळ्यात मोठं कारण लग्न. म्हणजे आम्ही. आम्हाला कुणी विचारलं का चाकण का होसूर?

माझं लग्न होऊन डोंबिवलीला आले तेव्हा सासरची आठ माणसं आणि माझ्या ओळखीचं कोणी नाही. दादांनी लिहिलेलं गुंतलेलं जाळं होतं की, पण ते नवऱ्याचं. मी दुधाला उशीर केला तरी संध्याकाळी गारगोटीत आईला फोन जायचा. पाळी चुकवली की आईला कळतं हे तुम्हाला आधार वाटतंय ना, मला ते चौकी वाटायचं. माझा आधार कोण झालं तर खालच्या मजल्यावरची कानडी बाई, जिचा आमच्या घराशी काही संबंध नव्हता, म्हणून तिच्याजवळ रडता आलं. भिशी, शिवणाचं काम, पोराची शाळा, सगळं तिच्याकडून कळलं. १९७३ ला ग्रॅनोव्हेटर नावाच्या माणसाने हेच मांडलंय की नोकरीची नवी बातमी घरच्यांपेक्षा लांबच्या ओळखीतून येते, कारण घरच्यांना तेच माहीत असतं जे आपल्याला. आम्हाला एमएसडब्ल्यूला, म्हणजे समाजकार्याच्या कोर्सला होतं.

आणि एक, त्या गावाच्या खोल्यांतल्या माणसांना जेवण कोण घालत होतं काका? खानावळवाल्या बायका. त्यांचीच अन्नपूर्णा महिला मंडळ म्हणून संघटना प्रेमा पुरवांनी १९७५ ला दादरला उभी केली. ट्रंका आठवतात सगळ्यांना, डबे आठवत नाहीत.

चंदगडी

ताई, चूक कबूल. आजोबा ज्यांच्याकडे जेवायचे त्या बाईंचं नाव आमच्या घरात कुणालाच माहीत नाही.

बोर्डिंगातला

गावाची खोली म्हणताना एक प्रश्न राहतोच, गावातल्या कुठल्या गल्लीची? आमच्या आळीतली माणसंपण मुंबईला गेली, पण त्या खोलीत ट्रंक ठेवायला नाही. आणि गिरणीत साचाखात्यात, म्हणजे विणकामाला पगार चांगला, पण तिथं आमच्या माणसांना घेत नव्हते, कारण बॉबिन बदलताना धागा तोंडाने ओढावा लागायचा आणि आमचं तोंड लागलेला धागा चालायचा नाही. १९२८ च्या संपात बाबासाहेबांनी हा प्रश्न कामगार पुढाऱ्यांपुढं ठेवला. म्हणजे अडवणारा मालकच होता असं नाही, बाजूच्या साच्यावरचा कामगार होता, एकमेकांना धरून असलेला. जाळं जेवढं घट्ट विणलेलं तेवढा बाहेरचा माणूस बाहेर.

ज्यांच्याकडे मामा नव्हता त्यांना कोल्हापुरात मामा कुणी दिला तर शाहू महाराजांनी. १९०१ ला मराठा बोर्डिंग, मग जैन, लिंगायत, मुस्लिम बोर्डिंगं, आणि १९०८ ला आमच्या पोरांसाठी मिस क्लार्क बोर्डिंग. खेड्यातनं एकटं आलेलं पोरगं, शहरात कुणी नाही, पण पाठ टेकायला जागा आणि पुढं गेलेल्यांची ओळख. माझ्या मोठ्या भावाला पुण्यात पहिली खोली मिळाली ती बोर्डिंगातल्या जुन्या पोराने दिली. ओळख रक्तातनंच यायला पाहिजे असं नाही, बांधता येते. आता तुम्ही म्हणाल ती बोर्डिंगंपण जातवारच होती, होतीच, तो वाद आमच्या घरात रोज होतो.

सरळसोट

हे पटलं. बाकी मी होसूरवर ठाम.

शिरोली फौंड्रीवाला

होसूरच्या त्या दोस्ताला विचारलं का कुणी, तो एकटा राहतो का कुणासंगट? सगळ्यात पहिलं ते विचारायचं असतं.

पाटगावचा पाऊस

काल रात्री विचारलं. म्हणजे मी न्हाई, भाच्यानंच, आमची भांडणं वैतागून ऐकत. तो दोस्त आणि अजून दोघं मिळून खोली हाय, एक निपाणीचा, एक बेळगावचा, तिघं एकाच लाइनवर, एकाच शिफ्टला. निपाणीच्याची आई महिन्याला चटणीचा डबा पाठवत्या तो तिघांत. चौथी गादी रिकामी हाय, डिपॉझिट हप्त्यानं चालंल म्हणालेत. भाच्यानं तिघांस्नी एकाच व्हिडिओ कॉलवर घेतलं आणि तासभर बोलला. कोण किती शिव्या देतो, कोण भांडी घासत न्हाई, हे ते एकमेकांसमोर सांगत होते, तेवढं ऐकून मला बरं वाटलं.

मिरजेवरनं बेंगळुरूच्या गाडीचं तिकीट काढलंय, वेटिंग १२. दाजी तयार झाले. बहीण पण जवळजवळ झाल्या, फक्त सकाळधरनं एकच विचारत्या, निपाणीचा तो कुणातला हाय. भाचा म्हणतोय विचारलं न्हाई आणि विचारणार न्हाई. ती माझ्याकडं बघत्या, मी चहा पितोय.