मदत हवी आहे: ७२ च्या दुष्काळाचं जुनं फुटेज

नाशिकला आम्ही तिघं १९७२ च्या दुष्काळावर २० मिनिटांची डॉक्युमेंटरी करतोय. सिन्नर-येवल्याकडच्या आजी-आजोबांच्या मुलाखती झाल्यात, खडी फोडायची कामं, सुकडी (दुष्काळी कामावर वाटलं जाणारं कोरडं पौष्टिक खाणं), मिलो (परदेशातून आलेली लाल ज्वारी), इतकं जिवंत सांगतात ना की त्यावर आजचं शूट टाकावंसंच वाटत नाही. फिल्म्स डिव्हिजनच्या (सरकारी माहितीपट काढणारी संस्था) त्या काळातल्या रीळा वापरायच्यात, पण १९७२ ला रिलीज झालेल्याचा कॉपीराइट ६० वर्षं, म्हणजे २०३२ संपेपर्यंत आहे, त्यामुळे यूट्यूबवरून उचलणार नाही. एका संग्रहाला दोनदा मेल केला, उत्तर नाही. बिहारच्या दुष्काळाचं फुटेज सिन्नरचं म्हणून खपवायचं नाहीये, ते त्या माणसांशी खोटं बोलणं होईल. साधारण दोन मिनिटंच लागेल, बजेट कमी, फेस्टिवल आणि यूट्यूब दोन्हीकडे दाखवायचंय. आता फिल्म्स डिव्हिजन एनएफडीसीत (राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळ) गेल्यावर कोणी असं लायसन्स घेतलंय का, आणि दर मिनिटावर लावतात की सेकंदावर?