पोटनिवडणुकीची ड्यूटी: अनुभव टाका

झोनल_काका: परवा पुण्यातल्या कसब्याच्या पोटनिवडणुकीचा विषय निघाला नि सगळं आठवलं, म्हणून धागा. आमदार गेल्यावर सहा महिन्यांत निवडणूक, हे लोकप्रतिनिधित्व कायद्याचं कलम १५१अ. कसब्याच्या आमदार मुक्ता टिळक २२ डिसेंबर २०२२ ला गेल्या, मतदान २६ फेब्रुवारी २०२३ ला. मुदत वर्षाहून कमी उरली असेल तर सक्ती नाही. ड्यूटीवाल्यांनो, कामाचं लिहा, भाषणं नकोत.

पीओ३: सीआरसी!! मॉक पोलची (मतदानाआधीची चाचणी) किमान ५० मतं, मग क्लोज, रिझल्ट, क्लिअर. क्लिअर करायचं राहिलं की संध्याकाळी १७ ए रजिस्टर (मतदारांची नोंदवही) आणि मशीनचा आकडा जुळत नाही. व्हीव्हीपॅटमधल्या (मताची चिठ्ठी छापणारं मशीन) मॉकच्या चिठ्ठ्याही काढून काळ्या पाकिटात.

कुलूपकिल्ली: व्हीव्हीपॅटचा मागचा नॉब आडवा म्हणजे प्रवास, उभा म्हणजे काम. आडव्यावर चालू केलं की एरर, आणि मशीन बदलायला धावपळ. थेट बल्बखाली किंवा खिडकीसमोरही ठेवू नका.

चिंचवडकर: आमच्याकडे २८ उमेदवार. नोटा (‘यापैकी कोणी नाही’चं बटण) धरून २९, एका बॅलट युनिटवर (मताच्या बटणांचं मशीन) १६ च बसतात, म्हणजे दोन युनिटं. शाळेचा बाक पुरत नाही, दोन जोडून घ्या.

मुंबईची_मावशी: अंधेरी पूर्व विसरलात? आमदार रमेश लटके गेले, उमेदवार त्यांच्या पत्नी ऋतुजा लटके, पण त्या पालिकेत नोकरीला. राजीनामा मंजूर झाल्याशिवाय अर्ज कसला! १३ ऑक्टोबर २०२२ ला हायकोर्टाने पालिकेला राजीनामा मंजूर करण्याचा आदेश दिला, अर्जाची शेवटची तारीख १४. भाजपने माघार घेतली आणि नोटा दुसऱ्या क्रमांकावर, १२,८०६ मतं 😂

पीओ३: मावशी, नोटा पहिला आला असता तरी निवडून माणूसच येतो.

हिशेबनीस: अपक्षाला सूचक (अर्जावर नाव सुचवणारे मतदार) १० लागतात, मान्यताप्राप्त पक्षाला १. सूचक त्याच मतदारसंघाचे हवेत. शेजारच्या मतदारसंघातला मेहुणा आणला की छाननीत अर्ज बाद. अनामत १०,०००, अनुसूचित जाती-जमातींना निम्मी. एबी फॉर्म (पक्षाच्या अधिकृत उमेदवारीचं पत्र) अर्जाच्या शेवटच्या दिवशी दुपारी ३ च्या आत, ३:०५ ला नेते रडले तरी नाही.

गृहिणी_पुणे: सुट्टी सगळ्यांना असते का हो? यांचं ऑफिस हडपसरला, नाव कसब्यात.

हिशेबनीस: नाव कसब्यात म्हणजे सुट्टी मिळते, पगारी. ऑफिस कुठंही असो.

झोनल_काका: खासदारकीचं सांगतो. पुण्याचे खासदार गिरीश बापट २९ मार्च २०२३ ला गेले, वर्षाहून जास्त मुदत होती, तरी पुण्यात निवडणूक झालीच नाही. हायकोर्टाने घ्या म्हटलं, सुप्रीम कोर्टाने स्थगिती दिली.

कुलूपकिल्ली: साहित्य जमा करताना १७ सी (मतांच्या हिशेबाचा फॉर्म) वेगळ्या पाकिटात हातात ठेवा. पेटीत सील झाला की रात्री १ पर्यंत रांग.

पीओ३: आणि डबा घरून न्या. तिथली भजी संपलेली असतात.