विमानतळाखालची मेट्रो सांगलीकराच्या काय कामाची? घ्या, माझं उत्तर

विश्रामबागवाला

काल इथं एका दादांनी लिहिलं, "मेट्रो-३ साठी ३७ हजार कोटी मुंबईच्या जमिनीत घातले, विमानतळापाशी भुयारी स्टेशन काढलं, सांगलीच्या माणसाला त्याचा काय उपयोग? विमानानं जाणाऱ्याला टॅक्सी परवडतीच की." खाली पन्नास जणांनी "अगदी बरोबर" म्हणून माना डोलावल्या. रात्री वाचलं तेव्हापासून डोक्यात तेच आहे म्हणून सविस्तर लिहितोय.

विमानानं जाणारा म्हणजे पैसेवाला हे ठरवलं कुणी? माझी धाकटी बहीण मस्कतला असते, दाजी तिथं वेल्डर आहेत, मालक नाहीत. तिचं बाळंतपण होतं म्हणून गेल्या नोव्हेंबरात आईला पाठवायचं ठरलं. आईचा उभा जन्म हरिपुरात गेला, मुंबईसुद्धा ती तिसऱ्यांदा बघत होती. तिकीट बहिणीनं घरखर्चातनं मागं टाकून टाकून काढलेलं. अशा घरात टॅक्सीचे सातशे रुपये जड जात नाहीत असं कुणी सांगू नये.

रात्री दहाच्या सुमाराला सांगलीतनं महालक्ष्मी एक्स्प्रेस धरली, सकाळी साडेसातच्या आसपास सीएसएमटी. तिथनं भुयारी मार्गानं मेट्रोत. सरकत्या जिन्यापाशी आई थांबली, पदर खोचला, माझं मनगट असं धरलं की बोटांचे वळ उठले, आणि एकदाचा पाय टाकला. खाली गार हवा, फलाटाला काचेची भिंत, गाडी आली की भिंतीचं दार आणि गाडीचं दार बरोबर समोरासमोर उघडतं. आई म्हणाली, "रुळ कुठं दिसंनात, पडायचं भ्याव न्हाई." धारावी सोडल्यावर मी सांगितलं की आता मिठी नदीच्या खालनं चाललोय, तर तिनं पाय उचलून बाकाला टेकवले आणि हात जोडले. जिनं २०१९ ला दारात आलेलं पुराचं पाणी बघितलंय तिला नदी वर आणि आपण खाली हे पटायचं कसं. टी-२ (परदेशी विमानं सुटतात ते टर्मिनल) येईपर्यंत हात जोडलेलेच होते.

कफ परेड ते आरे सगळ्या ३३.५ किलोमीटरला ७० रुपये, आमचं त्याच्या आतच झालं. पाऊण तासात पोचलो, ना सिग्नल ना मीटरची घासाघीस. दादांना माझा एवढाच प्रश्न आहे, हा उपयोग नाही तर काय आहे?

माहुली रोड

दादा, आईंचं वाचून बरं वाटलं, पण तुमचं विमान दुपारचं होतं म्हणून सगळं जमलं हे तुम्ही सोडून दिलं. आखातात जाणारी किती विमानं रात्री एक ते पहाटे पाच या वेळेत सुटतात बघा जरा. मेट्रोची पहिली गाडी ५.५५ ची, शेवटची साडेदहाची. म्हणजे ज्याला खरी गरज आहे त्याच्यासाठी खाली शटर ओढलेलं.

माझा मेव्हणा दुबईला गेला, विमान पहाटे साडेचारचं. आम्ही साताऱ्यातनं एका ट्रॅव्हल्सनं निघालो, घाटात गाडी तुंबली, रात्री बारा वाजता त्यांनी हायवेच्या कडेला उतरवलं. मेट्रो बंद. टॅक्सीवाला ९०० च्या खाली यायला तयार नाही. एका हातात बॅग, एका हातात पासपोर्टची पिशवी घेऊन तो पोरगा रडकुंडीला आलेला मी बघितलाय. त्याला सांगा ३७ हजार कोटींचं कौतुक. आणि कर्ज जपानचं असलं तरी फेडायचं आपण सगळ्यांनीच ना?

विश्रामबागवाला

रात्रीच्या विमानाला रात्री बारालाच मुंबईत पोचायचं असा कुठं नियम आहे? कोयना एक्स्प्रेस आहे की. सकाळी बसा, रात्री आठ-साडेआठला सीएसएमटी, मेट्रो चालू असते, दहाच्या आत टी-२ ला. पहाटे साडेचारच्या विमानाला तसंही तीन तास आधी जायचंच असतं, थोडं आणखी बसायचं. येताना विमान पहाटे चारला उतरलं तर इमिग्रेशन आणि बॅगा होईस्तोवर सहा वाजतात, पहिली मेट्रो धरायची, साडेआठ-पावणेनऊच्या कोयनेला आरामात पोचतो माणूस. वेळापत्रक हातात धरून बघा आणि मग बोला.

माहुली रोड

"थोडं आणखी बसायचं" म्हणे! दिवसभर कोयनेत बसून वर रात्रभर खुर्चीत बसायचं, पुढं विमानात आणि उतरल्या उतरल्या ड्युटीवर हजर. तुम्ही बसून बघा. आणि आमचं रेल्वे स्टेशन शहरात नाही, माहुलीला आहे. महालक्ष्मी साताऱ्याला मध्यरात्री येते, तेव्हा रिक्षावाला शहरातनं तिथं जायचं काय घेतो ते आम्हाला ठाऊक. सांगली-मिरजेच्या माणसाला स्टेशन उशाला आहे म्हणून सगळं सोपं दिसतं.

तासगावची लेक

मी दोघांचंही वाचलं आणि दोघंही बायामाणसांचं, म्हाताऱ्यांचं बोलत नाहीयेत याचा राग आला म्हणून लिहिते. मेल-एक्स्प्रेसचे फलाट पी. डिमेलो रोडच्या बाजूला, मेट्रो डी. एन. रोडच्या बाजूला. मधलं अख्खं स्टेशन सामान घेऊन तुडवायचं, मग भुयारी मार्गाच्या पायऱ्या. सासूबाईंचे गुडघे गेलेले, माझ्या कडेवर दोन वर्षांचा मुलगा, बरोबर दोन बॅगा आणि बेदाण्याची पिशवी (न्यायची नाही असं शंभर वेळा सांगून पण त्यांनी घेतलीच, नणंदेकडं तासगावचा बेदाणा पाहिजेच). हमालाला पैसे दिले ते निम्म्यापर्यंतच आला. आणि टी-२ ला वर आल्यावर परत बाहेरनं चाल. गाडीतला पाऊण तास छान गेला, मान्य, पण गाडीच्या अलीकडचा आणि पलीकडचा अर्धा-अर्धा तास जो आहे त्याचं काय?

दिल्लीत बघा, विमानतळाची वेगळी लाईन २०११ ला सुरू झाली, नवी दिल्ली स्टेशनावरच काही विमान कंपन्यांचं सामान चेक-इन करून मोकळ्या हातानं गाडीत बसता येतं. माझ्या भावानं केलंय. असं सीएसएमटीला केलं असतं तर मी पहिली टाळी वाजवली असती.

हरिपूर घाट

सगळे वेळापत्रकाचं बोलताय, पाण्याचं कुणी बोलेना. २६ मे २०२५ ला वरळीजवळच्या आचार्य अत्रे चौक स्टेशनात पाणी शिरलं, स्टेशन उघडून तीन आठवडेपण झाले नव्हते. व्हिडिओ बघितले नाहीत का? छतातनं धो धो. आपण सांगलीकर आहोत ओ, आयर्विन पुलाला ५७ फुटांच्या वर कृष्णेचं पाणी बघितलेली माणसं आपण. पाणी शिरायचं ठरवलं तर ते कुणाच्या नकाशाला विचारत नाही. माझ्या दुकानात २००५ ला शिरलं तेव्हा म्हटलं होतं पन्नास वर्षांतनं एकदा होतं, १४ वर्षांत परत आलं आणि आधीपेक्षा चार फूट वर. जमिनीखाली काही बांधलं म्हटलं की माझ्या पोटात गोळाच येतो, त्याला मी काय करू.

विश्रामबागवाला

काका, तुमच्या दुकानात चिखल काढायला आम्ही पोरं होतो, तुमची भीती मला कळते. पण अत्रे चौकात पाणी शिरलं ते काम चालू असलेल्या एका प्रवेशद्वारातनं, तिथली तात्पुरती भिंत पडली म्हणून. चूक होती, मोठी होती, त्याचं समर्थन करत नाही. पण नदीच्या पुराची आणि त्याची तुलना नका करू. तो भाग पुढं सुरू झाला आणि ऑक्टोबर २०२५ पासून कफ परेडपर्यंत गाडी जातेय.

कवलापूर कट्टा

तुम्ही सगळे मुंबईच्या स्टेशनावर भांडताय, अरे आपल्या दारात धावपट्टीची जागा पडून आहे त्याचं बोला! कवलापूरला विमानतळ झाला असता तर ना महालक्ष्मी लागली असती ना मेट्रो. माझे वडील सांगायचे, विमानतळ होणार. मी सांगतोय माझ्या पोराला, विमानतळ होणार. तिथं अजून आमची गाजरंच पिकतात. एका जिल्ह्याला धावपट्टी मिळत नाही आणि एका शहराला २७ स्टेशनांची लाईन मिळते, त्यातली २६ जमिनीखाली, याचा संताप येत नसेल तर काय म्हणायचं.

विटेकर

कवलापूर दादा, संताप आम्हालापण येतो पण खानापूर-आटपाडीच्या माणसाला विचारा. आमच्या भागातलं घरटी माणूस गलाईच्या (सोनं-चांदी गाळायच्या) धंद्यात, कुणी कोईमतूरला कुणी त्रिशूरला कुणी पार गुवाहाटीला. घरात कुणी आजारी पडलं की रातोरात निघावं लागतं. कवलापूरला छोटा विमानतळ झाला तरी तिथनं कोईमतूरला थेट विमान कोण सोडणार? दिवसाला एखादं मुंबईचं सुटेल, तेपण चालेल तोवर चालेल. शेवटी मुंबई किंवा पुणं गाठायचंच आहे. मग पुढची सोय नीट असावी का नसावी?

कवलापूर कट्टा

म्हणजे आपल्याला मिळूच नये? कोल्हापूरला उजळाईवाडीला मिळतं, १९३९ पासून आहे, मार्च २०२४ ला नवीन टर्मिनलपण झालं. तिथं विमानं चालतात मग सांगलीत का चालणार नाहीत? हळद आपली, द्राक्षं आपली, बेदाणा आपला. असल्या विचारानंच सांगली मागं राहिली, हे स्पष्ट बोलतो.

माहुली रोड

कोल्हापूर सांगलीपासून पन्नास किलोमीटर आहे हो, पन्नास किलोमीटरवर दोन विमानतळ कोण देणार. आमच्या साताऱ्याला तर एकपण नाही, आम्ही कऱ्हाडच्या धावपट्टीकडं बघत बसतो.

कवलापूर कट्टा

पन्नास किलोमीटर कागदावर. अंकलीच्या पुढचा रस्ता कधी तुडवलाय का तुम्ही? मी गेल्या पावसाळ्यात कोल्हापूरचं विमान धरायला तीन तास आधी निघालो होतो, ट्रकच्या मागं ट्रक, खड्ड्यात पाणी, दीड तास जागेवर. विमान डोक्यावरनं गेलेलं गाडीतनं बघितलं. मुंबईत धाकट्या भावाच्या सासऱ्यांचं ऑपरेशन होतं, मी पोचायच्या आत सगळं संपलं होतं. त्यानंतर मला कुणी कोल्हापूर जवळ आहे सांगितलं की सहन होत नाही. साताऱ्यात बसून आम्हाला अंतर शिकवू नका.

माहुली रोड

हे माहीत नव्हतं. वाईट वाटलं. अंतराचं बोललो ते मागं घेतो, विमानतळाचं घेत नाही.

पुण्यातला मिरजकर

जरा मधे बोलू का. पुण्याचं कुणीच काढलं नाही. सातारा-सांगलीची एसटी स्वारगेटला येते, स्वारगेटला भुयारी मेट्रो २९ सप्टेंबर २०२४ पासून आहे. खाली उतरा, सिव्हिल कोर्टला लाईन बदला, रामवाडीला जा. पण रामवाडीपासून लोहगाव विमानतळ चार-पाच किलोमीटर, तिथं परत बस नाहीतर रिक्षा. विश्रामबागवाल्यांचा मुद्दा मला यावरनंच पटतो. मेट्रो विमानतळाच्या चार किलोमीटर अलीकडं संपली की माणूस आधीच रिक्षा करतो, मेट्रोत बसतच नाही. मी स्वतः तसंच करतो. मुंबईत स्टेशन टर्मिनलपाशी नेलं हे सगळ्यात महत्त्वाचं काम झालं, बाहेरनं चालावं लागत असलं तरी.

पण एक सांगतो, डिसेंबर २०२५ पासून नवी मुंबईतनं विमानं सुटायला लागलीत. सातारकरांना तो एक्स्प्रेसवेवरनं उतरलं की जवळ, आणि तिथं अजून ही मेट्रो नाही. पुढच्या दहा वर्षांत आपला विमानतळ तोच होणार, भांडायचं असेल तर तिथल्या जोडणीसाठी आत्तापासून भांडा.

तासगावची लेक

हे बरोबर बोललात. आणि माझं चालण्याचं आणि पायऱ्यांचं उत्तर अजून कुणी दिलं नाही, हेपण नोंदवते.

विश्रामबागवाला

ताई, उत्तर नाही माझ्याकडं, तुमचं खरंय. आई चालू शकते म्हणून मला ते जाणवलं नाही, गुडघे गेलेल्या माणसाला तेवढ्या अंतरासाठी बॅटरीची गाडी तरी हवी. एक पर्याय सांगतो, एसटीनं मुंबई सेंट्रलला उतरलात तर डेपोच्या जवळच जगन्नाथ शंकरशेठ मेट्रो स्टेशन आहे, सीएसएमटीएवढी पायपीट नाही. हे माहुली रोडवाल्यांनापण लागू आहे, साताऱ्याहून मुंबई सेंट्रलची गाडी आहे, माहुलीला जायची गरज नाही.

माहुली रोड

मुंबई सेंट्रलचं डोक्यात आलं नव्हतं. रात्रीच्या विमानाला दुपारी निघणारी गाडी धरली तर साडेदहाच्या आत जमेल बहुतेक. तरी माझं म्हणणं तेच आहे, विमानतळाची मेट्रो रात्रभर पाहिजे, तासाला एक सोडा पण सोडा. रुळांची देखभाल रात्री करायची असते म्हणाल तर निदान टी-२ ते सीएसएमटी एक बस ठेवा रात्रीची. मेव्हणा एप्रिलमध्ये परत येतोय, विमान पहाटे तीनला उतरतं. तुमचं कोयनेचं गणित करून बघतो, चुकलं तर इथंच येऊन सांगणार.

विश्रामबागवाला

सांगा, नक्की सांगा. जाताना कुणी असेल तर एवढं बजावून ठेवा, सीएसएमटीकडनं निघालं की आधी टी-१ येतं, मग सहार रोड, मग टी-२. विमानतळ नाव ऐकलं की लोक टी-१ लाच उतरतात. आमच्या डब्यातलं मिरजेचंच एक जोडपं उठून दाराशी गेलं होतं, आईनंच त्यांचा हात धरून खाली बसवलं.