ॲबटला मराठीत काय म्हणायचं? 'मठाधीश' खटकतंय म्हणे

नदीकाठ:
आमच्या इथल्या मराठी मंडळाची दिवाळीला स्मरणिका निघते. यंदा मी इंग्लंडमधल्या संडरलंडच्या सेंट पीटर्स चर्चवर लिहायला घेतलंय, मंकवेअरमाउथ भागात आहे, घरापासून चालत पंधरा मिनिटं. बेनेडिक्ट बिस्कप नावाच्या ॲबटने, म्हणजे ख्रिस्ती मठाच्या प्रमुखाने, ६७४ साली तिथे मठ काढला, त्या चर्चची पश्चिमेची भिंत आणि पुढची देवडी अजून उभी आहे. मी लेखभर 'मठाधीश बिस्कप' असं लिहिलं. तपासणाऱ्या बाईंनी सगळ्या ठिकाणी लाल खुणा करून परत पाठवलं, त्यांचं म्हणणं की आजच्या मराठीत मठाधीश ही जवळजवळ शिवी आहे, 'साहित्यातले मठाधीश', 'नाटकवाल्यांचे मठाधीश' असंच वाचायला मिळतं. त्यांनी 'महंत' सुचवलंय. पण महंत म्हटलं की माझ्या डोळ्यापुढे नाशिकचा कुंभमेळा आणि छत्रचामरं येतात. ज्याने एवढी पुस्तकं गोळा केली, फ्रान्समधून गवंडी आणि काचवाले आणले, त्या माणसाला कोणता शब्द बसेल? या महिनाअखेरीस लेख द्यायचाय.

पायरीचा दगड:
मठाधिपती करा, संपलं. मठाधीश आणि मठाधिपतीचा अर्थ एकच पण दुसऱ्याला अजून डाग लागलेला नाही. आमच्या गोव्यात पर्तगाळी मठ, कवळे मठ, तिथल्या स्वामींना मठाधिपतीच म्हणतात आणि पूर्ण आदराने म्हणतात. पुण्यामुंबईच्या टीकाकारांनी एक शब्द नासवला म्हणून आपण सगळ्यांनी तो सोडायचा का हा वेगळा प्रश्न आहे, आणि माझं मत आहे की सोडू नये.

ओली भिंत:
'मठपती' जवळचा वाटला असता पण आमच्या लातूरकडे मठपती हे आडनाव आहे आणि लिंगायतांमध्ये ते एक कामही आहे, लग्नकार्याला, मयताला मठपती लागतो. तो मठाचा प्रमुख नसतो. सांगून ठेवते, कोणी सुचवायच्या आधी.

दुहेरी टाका:
मूळ शब्दाकडे बघा ना. ॲबट आला लॅटिनमधल्या अब्बास वरून, तो ग्रीकमधून, आणि ग्रीकांनी घेतला अरामी भाषेतल्या 'अब्बा' वरून. म्हणजे बाप. यात अधीश नाही, अधिपती नाही, पती नाही. आपण एका 'बापा'ला राजा करून ठेवतोय. मराठी बायबलात 'अब्बा, बापा' असंच आलंय.

नदीकाठ:
हे वाचून अंगावर काटा आला कारण माझी अडचण नेमकी हीच होती, मला फक्त सांगता येत नव्हती. बिस्कप रोमला गेला की मागे वेअरमाउथचा, म्हणजे मंकवेअरमाउथचाच, मठ सांभाळायला त्याने आपल्या चुलतभावाला ॲबट केलं, इओस्टरविन त्याचं नाव. हा आधी राजाच्या पदरचा लढवय्या सरदार. त्याच मठात वाढलेला इतिहासकार बीड, त्याने लिहून ठेवलंय की ॲबट झाल्यावरही हा माणूस बाकीच्यांबरोबर मळणी करायचा, धान्य उफणायचा, मेंढ्या-गायींच्या धारा काढायचा, भटारखान्यात, बागेत, मुदपाकखान्यात काम करायचा, कुठे नांगर चाललेला दिसला तर स्वतः नांगर धरायचा, लोहारकाम चाललं असेल तर घण घालायचा. जेवण सगळ्यांचं तेच, झोपणं सगळ्यांबरोबर त्याच दालनात. ६८६ च्या साथीत गेला, जेमतेम ३६ वर्षांचा होता. आता याला 'अधीश' कसं लिहू सांगा.

पानसुपारी:
मग आबा लिहा!! गंमत नाही करत. अब्बा आणि आबा. 'वेअरमाउथचे आबा'. आमच्या आजोबांना अख्खं गाव आबा म्हणायचं, ते मळणीलाही उभे राहायचे आणि भांडणंही मिटवायचे, हाच ॲबट झाला की. मला तर वाटतं आपला आबा तिकडूनच आला असणार, अरबी व्यापाऱ्यांबरोबर कोकणात.

दुहेरी टाका:
आलेला नाही हो. उर्दूतला अब्बा अरबी 'अब' वरून, तो अरामी अब्बाचा सख्खा नातेवाईक, इथपर्यंत ठीक. पण आबा, अप्पा, बाबा, पापा हे लहान मुलाच्या तोंडातून आधी निघणारे आवाज, जगभर सापडतात, कानडीत अप्पा आहेच की शेजारी. आवाज जुळला म्हणून नातं जुळत नाही.

पानसुपारी:
बरं मग मुनी घ्या. जुन्या इंग्रजीत मंकला 'मुनुक' म्हणायचे असं वाचलंय, मुनुक आणि मुनी, मौन पाळणारे. हे तर इंडोयुरोपियन आहे ना?

दुहेरी टाका:
मुनुक खरंय, पण ते ग्रीक 'मोनोस' वरून, म्हणजे एकटा. एकटा राहणारा तो मंक. मौनाशी काही संबंध नाही. यातली खरी मौज वेगळीच आहे, 'मोनॅस्टरी'च्या पोटात एकटेपणा आहे आणि 'कॉन्व्हेंट'च्या पोटात एकत्र जमणं. आपल्याकडे कॉन्व्हेंट म्हणजे इंग्रजी शाळा झाली तो भाग निराळा. आणि आपला 'मठ' संस्कृत धातूवरून, राहणे. म्हणजे मठ म्हणजे सरळ राहायची जागा. तिन्ही शब्द तीन वेगळ्या गोष्टींकडे बघतात.

ओली भिंत:
मुलीच्या शाळेचं नाव आठवून हसायला आलं, पण ठीक.

खारं पाणी:
मी वसईची, कॅथलिक. आमच्याकडे रोजच्या बोलण्यात फादर, सिस्टर, बिशप एवढेच लागतात, ॲबटची गरजच पडत नाही कारण आमच्या गावात तसे मठ नाहीत. पण घरात जुनी संतचरित्रं होती, मराठीतली, त्यात मठाधिपती आणि मठवासी हेच शब्द होते आणि आम्हाला ते कधी परके किंवा हिंदू वाटले नाहीत. आता इथे चर्चा अशी चाललीय की जणू ख्रिस्ती माणसासाठी मराठीत शब्दच नाहीत आणि ते आज पहिल्यांदा घडवायचेत. चारशे वर्षं आम्ही याच भाषेत प्रार्थना करतोय. आधी आम्हाला विचारा.

पायरीचा दगड:
बाई बरोबर बोलतायत. माझंही मत तेच.

घोटीव:
माझं मत उलटं आहे आणि स्पष्ट सांगतो. ॲबट हा शब्द ॲबटच ठेवावा. आपण स्टेशन, बिशप, पाद्री घेतले, पाद्री तर पोर्तुगीज 'बाप'च आहे. मठाधिपती म्हटलं की वाचक आपोआप गुरुपरंपरा, गादी, पादुका, पट्टशिष्य हे सगळं डोक्यात घेऊन वाचतो. आणि बिस्कपने नेमकी गादीच नाकारली होती. मरताना त्याने बजावून सांगितलं की माझा सख्खा भाऊ सत्याच्या वाटेवर नाही, तो ॲबट होण्यापेक्षा ही सगळी जागा कायमची ओसाड झालेली मला चालेल. घराण्यात नको, लायक बघून निवडा. त्या काळात तिकडे सरदार लोक जमीन मिळवून घरगुती मठ काढायचे आणि बापाकडून मुलाकडे द्यायचे, बीडने म्हातारपणी यॉर्कच्या बिशपला पत्र लिहून यावरच आग पाखडली आहे, साल ७३४. हे सगळं 'मठाधिपती'त हरवतं.

पायरीचा दगड:
आमच्या मठात गादी बापाकडून मुलाकडे जात नाही, स्वामी संन्यासी असतात, शिष्य निवडला जातो. तुम्ही जे बिस्कपचं म्हणून सांगताय ते आमच्या मठाधिपती शब्दात आधीच आहे. माहिती नसताना शब्दावर आरोप करू नका.

घोटीव:
मान्य, एवढं मागे घेतो. बाकीचं नाही.

नदीकाठ:
महंत शब्दाबद्दल कोणीच बोललं नाही, बाईंना काय कळवू?

तांब्यापितळ:
महंत वाईट नाही. रामदासी परंपरेत समर्थांनी ठिकठिकाणी मठ काढून महंत नेमले, ही रचना वेअरमाउथ-जारोच्या, म्हणजे बिस्कपच्या दोन्ही जागांच्या, जवळ जाते, एकाने उभं करायचं आणि नेमलेल्याने चालवायचं. महानुभावांतही महंत आहेत. कुंभमेळा हा टीव्हीने लावलेला अर्थ आहे.
पण मला विचारायचंय ते वेगळंच, बाईमाणूस ॲबट असेल तर? व्हिटबीची हिल्ड. पुरुष आणि स्त्रिया दोघांच्या मठाची प्रमुख, ६६४ ची प्रसिद्ध धर्मसभा तिच्याकडे भरली, तिच्या मठातून पुढे पाच बिशप झाले. ॲबेसला काय, मठाधिपतीण?

खारं पाणी:
मठमाता. बीडच लिहितो की तिला ओळखणारे सगळे तिला आई म्हणायचे.

तांब्यापितळ:
सुंदर. आपल्याकडे मिरजेच्या मठाच्या वेणाबाई, त्यांना वेणास्वामी म्हणतात, स्त्रीला स्वामी. सज्जनगडच्या अक्कास्वामीही. म्हणजे आपण पदाचा शब्द बदललाच नाही, नावाला जोडून टाकला. हिल्डस्वामी!

दुहेरी टाका:
एक सावधगिरी. अशा मठाला 'जोडमठ' लिहिलेलं मी एका भाषांतरात पाहिलंय आणि त्याच पुस्तकात वेअरमाउथ-जारोलाही जोडमठ लिहिलंय. दोन वेगळ्या गोष्टी आहेत. व्हिटबी म्हणजे एका जागी स्त्रीपुरुष दोघे. वेअरमाउथ आणि जारो म्हणजे सात मैलांवरच्या दोन जागा पण मठ एकच मानलेला, आणि दोन्हीकडे पुरुषच. दुसऱ्याला 'जुळा मठ' म्हणा हवं तर.

नदीकाठ:
ही चूक मी पण केली होती, दुरुस्त करते, आभार. आणखी एक अडलंय. ६८६ ला जारोत साथ आली तेव्हा स्तोत्रं आणि त्यांची पालुपदं म्हणता येणारे सगळे गेले, उरला ॲबट चेओलफ्रिथ आणि एक लहान मुलगा. बरेच लोक म्हणतात तो मुलगा म्हणजेच बीड. दोघांना झेपेना म्हणून चेओलफ्रिथने ठरवलं की सकाळ-संध्याकाळच्या मुख्य प्रार्थना सोडून बाकी वेळी पालुपदाशिवाय नुसती स्तोत्रं म्हणायची. एक आठवडा रडत रडत तसं केलं, मग सहन होईना, आणि दोघांनीच पुन्हा सगळं पूर्ण म्हणायला सुरुवात केली, नवे लोक शिकून तयार होईपर्यंत. इथे मी ॲन्टिफनला पालुपद लिहिलंय ते चालेल का? नुकतीच जारोला जाऊन आले, तिथल्या चर्चमध्ये २३ एप्रिल ६८५ चा अर्पणाचा शिलालेख आहे, राजा एजफ्रिथचं आणि चेओलफ्रिथचं नाव कोरलेलं, कमानीच्या वर. वर बघून मान दुखेपर्यंत उभी होते. साथ त्याच्या पुढच्याच वर्षी.

वीणेकरी:
बोलायचं नव्हतं पण यावर बोलतो. आमच्या घरात कीर्तन आहे. बुवा चरण म्हणतात आणि मागचे टाळकरी धृपद उचलून धरतात, ते धृपदच कीर्तन तोलून धरतं. करोनात एकादशीला घरात मी आणि माझा आठ वर्षांचा पुतण्या दोघंच होतो. मी म्हटलं नुसते अभंग वाचू. तो म्हणाला काका मी टाळ धरतो, तुम्ही म्हणा. पालुपद म्हटलं की नेहमी रडगाणं लावल्यासारखं वाटतं, 'त्याचं एकच पालुपद' असं आपण कंटाळून म्हणतो. धृपद लिहा.

नदीकाठ:
धृपद. लिहिलं.

पानसुपारी:
माझा आबा राहिलाच की. मी सोडलेला नाही.

घोटीव:
नाव तरी नीट लिहा. बिस्कप की बिशप? जुन्या इंग्रजीत एससीचा उच्चार श व्हायचा, म्हणजे तो 'बिशोप'. त्याचं नावच बिशप अशा अर्थाचं होतं आणि तो आयुष्यात कधी बिशप झाला नाही. बिस्कप लिहून आपण आजच्या इंग्रजांचा वाचनदोष उचलतोय.

ओली भिंत:
यात नवल काय, आमचे शेजारी पाटील आहेत, सात पिढ्यांत कोणी पाटीलकी केलेली नाही.

खारं पाणी:
तिथले लोक आज ज्या नावाने ओळखतात ते लिहावं. बिस्कप.

घोटीव:
मग चेओलफ्रिथ का लिहिलंय? आजचे लोक के ने पण म्हणतात. एक नियम धरा.

तांब्यापितळ:
मला जमिनीचं विचारायचंय. राजाने वेअरमाउथला ७० हाइड जमीन दिली असं बीड सांगतो, जारोला ४०. हाइड म्हणजे एका कुटुंबाला पुरेल एवढी जमीन. हे मराठीत एकर करू नका, हाइडला ठरावीक माप नव्हतं, पुढे १२० एकर धरायला लागले. आणि आपल्याकडे १२० बिघ्यांचा एक चाहूर! वीस काठ्यांची पांड, वीस पांडांचा बिघा, एकशेवीस बिघ्यांचा चाहूर. ७० चाहूर.

दुहेरी टाका:
आकडा जुळला म्हणून माप जुळत नाही, बिघा आणि एकर एक नाही. हे आबासारखंच चाललंय.

तांब्यापितळ:
माप जुळवत नाहीये मी. दोन्हीकडे जमीन मोजायची ती नांगरणीच्या हिशोबाने, एका घराला किती पेलेल यावरून. ७० हाइड म्हणजे ७० घरांचं पोट, वाचकाला हे समजलं पाहिजे, त्याशिवाय एवढ्या वासरांच्या कातड्यावर बायबलं लिहायची ऐपत कुठून आली ते कळणार नाही. चेओलफ्रिथने तीन पूर्ण बायबलं लिहून घेतली, त्यातलं एक घेऊन ७१६ ला म्हातारपणी रोमला निघाला आणि वाटेत लांग्र गावी वारला. ते बायबल आज फ्लॉरेन्समध्ये आहे, हजाराहून जास्त पानं, सगळी चामड्याची. वासरं कुठून आली? त्या जमिनीतून.

पायरीचा दगड:
चाहूर की चावर? आमच्याकडे चावर ऐकलंय.

ओली भिंत:
आमच्या घरच्या जुन्या मोडी कागदात चाहूर आहे, ह नक्की आहे, आजोबा वाचून दाखवायचे. ट्रंकेत आहे, रविवारी गावी जाणार आहे तेव्हा काढून बघते आणि फोटो टाकते.

तांब्यापितळ:
नक्की टाका. खाली इनामपत्राचा भाग असेल तर तोही, कोणत्या मठाला दिलंय ते.

नदीकाठ:
लेख दिला. आधी 'ॲबट बिस्कप' लिहिलं होतं, शेवटच्या परिच्छेदात मात्र ते जमेना. तो तीन वर्षं अंगावरून वारं गेल्यासारखा पडून होता, आणि इओस्टरविननंतर झालेला ॲबट सिगफ्रिथही तेव्हाच क्षयाने खंगलेला. दोघांना एकमेकांना भेटायचं होतं. सिगफ्रिथला उचलून बिस्कपच्या बिछान्यावर आणलं आणि दोघांची डोकी एकाच उशीवर ठेवली, एवढ्या जवळ असूनही स्वतःहून तोंड वळवायची ताकद दोघांत नव्हती, ते बाकीच्यांनी वळवून दिलं. तिथे मी पद लिहिलंच नाही. नुसती नावं लिहिली.

पानसुपारी:
बाईंनी काय म्हटलं?

नदीकाठ:
अजून उत्तर नाही.

ओली भिंत:
ट्रंकेची किल्ली सापडली. फोटो रात्री.