मदत हवी आहे: गाठीच्या जंतावर अल्बेंडाझोल कमी पडतंय

मंडळी, उस्मानाबादी शेळ्यांच्या कळपाबद्दल विचारायचंय. कापलेल्या बोकडाच्या मोठ्या आतड्यावर वाटाण्याएवढ्या गाठी होत्या, चिरल्यावर आत हिरवट-पिवळा घट्ट पू. म्हणजे इसोफॅगोस्टोमम (गाठीचा जंत; याच्या अळ्या आतड्याच्या भिंतीत गाठी करतात), यात वाद नाही.

जंतनाशक अल्बेंडाझोल २.५ टक्के, किलोला १० मिलिग्रॅम दिलं; ३० किलोच्या शेळीला १२ मिली, प्रत्येक जनावर काट्यावर तोलून. गाभण शेळ्या वगळल्या. त्याच जनावरांच्या लेंडीत दर ग्रॅमला सरासरी ४५० अंडी होती, १४ दिवसांनी १५०. घट जेमतेम ६७ टक्के, हवी ९५ च्या वर. नवीन लागण म्हणावी तर अळी पोटात गेल्यापासून अंडी दिसेपर्यंत साधारण सहा आठवडे जातात. मग औषधाला दाद न देणारे जंत, की गाठीतून उशिरा बाहेर आलेल्या अळ्या? आतड्याच्या भिंतीत दडलेल्या अळ्यांवर औषध कमीच लागतं.

दुसरी अडचण: अंड्यावरून हा जंत आणि हिमाँकस (पोटातला रक्त पिणारा जंत) वेगळे ओळखता येत नाहीत. लेंडी ओलसर ठेवून २७ अंशांना सात दिवस अळ्या वाढवून, शेपटीच्या लांब धाग्यावरून ओळख पटवायचा विचार आहे. लेंडीवर बुरशी चढते, ती कशी टाळता?

पुढचा डोस लेव्हामिसोल द्यावा की आयव्हरमेक्टिन? लेव्हामिसोल भिंतीतल्या अळ्यांपर्यंत फारसं पोचत नाही, म्हणून अडलंय. क्लोसँटेल सुचवू नका, ते रक्त पिणाऱ्या जंतांसाठी. शेळ्यांमध्ये दोन औषधं एकाच दिवशी देऊन नंतर अंडी मोजलेली असतील, तर डोस आणि आकडे दोन्ही लिहा.